चौकात गाडी वळत नाही

आजच्या समारंभाचे अध्यक्ष सन्माननीय किशनरावजी, व्यासपीठावरचे नवे वाहतूक निरीक्षक साहेब, सत्कारमूर्ती व्यंकटराव झरीकर साहेब, आगारातले चालक-वाहक बंधू, आणि गावोगावहून आलेल्या माता-भगिनींनो,

मी आबासाहेब, उमरटाकळीचा सरपंच. मला पाच मिनिटं दिली आहेत. पाचच का दिली, याचाही मला संशय आहे, पण असो. स्वभावच तसा. घरात चहा नेहमीपेक्षा गोड लागला की मी आधी विचारतो, काय मागायचंय?

साहेबांची कारकीर्द आधीच्या वक्त्यांनी सांगितलीच. वाहक म्हणून लागले, पालमला स्टँडवर कंट्रोलर झाले, सेलूला काही वर्षं काढली आणि एकोणऐंशीला इथं निरीक्षक म्हणून आले. शिस्तीचे, मितभाषी, असं सगळे म्हणाले. मितभाषी माणसाबद्दल तुम्हाला कधी शंका आली नाही? मला आली, आणि ती पाच वर्षं टिकली.

आमच्या गावात मुक्कामी गाडी होती. संध्याकाळी यायची, चौकात वळून उभी राहायची, सकाळी सहाला निघायची. साहेब आले आणि महिन्या-दोन महिन्यांत हुकूम निघाला: चौकात गाडी वळण्यास जागा अपुरी, सबब मुक्काम ओढ्यापलीकडील दलित वस्तीवर. आता गाडी सकाळी तिथून सुटणार, निम्मी भरून चौकात येणार, आणि आम्ही दांडी धरून उभे! सात-आठ वर्षं जी गाडी रोज वळली, तिला एकाएकी जागा पुरेना? मी स्वतः दोरी लावून चौक मोजला. चौऱ्याऐंशी फूट भरला. तीन तक्रारी केल्या. तिन्ही वेळा साहेबांच्या सहीनं एकच उत्तर: पाहणी केली, जागा अपुरी.

म्हटलं, यात काहीतरी काळंबेरं आहे. पहिल्यांदा वाटलं, साहेबांनी काही घेतलं असणार. पण वस्तीवर द्यायला होतं काय? अठ्ठ्याहत्तरला नामांतराच्या दंगलीत तिथली घरं जळाली होती, ते पत्रे टाकून राहत होते. मग वाटलं, नातंगोतं असेल. आडनाव झरीकर. गावावरून पडलेल्या आडनावातून जात कळते का? मी झरीला माणूस पाठवला. तो तीन दिवस पाहुणचार झोडून कोराच परत आला. शेवटी गाडीचे वाहक भुजंगराव यांना गाठलं. ते बसलेत बघा तिकडे, खाली मान घालून. ते म्हणाले, ‘‘साहेब तपासणीला आलते. वस्तीवरल्या तानुबाईच्या माठातलं पानी पिले अन् गेले. आजून काय सांगू?’’ माझा संशय दुप्पट झाला.

तेव्हा एका पहाटे मी ओढा ओलांडून वस्तीवर गेलो. पुरावा धरायलाच. गाडी उभी होती, माणसं चढत होती. खिडकीशी तानुबाई बसल्या होत्या. सरकून म्हणाल्या, ‘‘आबासायेब, तुमी इथवर आलाव? बसा की. जागा हाय.’’

मी बसलो आणि सरळ विचारलं, साहेब तुमचे कोण लागतात?

त्या म्हणाल्या, ‘‘कोन न्हाईत. माज्या लेकीचा धाव्वीचा पेपर व्हता. चौकात हुबी व्हती. गाडी भरली, डबल बेल दिली, लेक ऱ्हायली. त्या दिशी साहेब गाडीत तिकिटं बघायलते. उतरले, पोरीला इचारले, कशाला रडायलीस? तिनं सांगितलं. मग चौकाकडं बघत हुबे ऱ्हायले, लय वेळ.’’

मंडळी, गाव बसल्याशिवाय वस्तीनं गाडीत चढायचं नाही, असं कुठं लिहिलेलं नव्हतं. पण तसंच चालायचं, आणि दंगलीनंतर तर कुणी पाऊल पुढं टाकीना. त्या दिवशी खिडकीतून पंचा टाकून मी जागा धरली होती. ती मुलगी मला दिसत होती. गाडी सुटताना साहेब खाली उभे राहून चौकाकडं बघत होते, तेव्हा मला वाटलं, हे चौक मोजायलेत. मला लाज वाटली, मंडळी. पण ती पाच वर्षांनी वाटली, तेही तानुबाईंनी जागा दिल्यावर. मुलीनं पुढच्या साली परीक्षा दिली. याच गाडीनं गेली, बसून.

आता साहेब चालले. आमच्या पंचायतीनं लगोलग ठराव केला: मुक्काम पुन्हा चौकात आणावा. तो नव्या साहेबांच्या हातात, आपल्या सर्वांच्या साक्षीनं द्यायला गावानं मला इथं पाठवलं आहे. तो माझ्या खिशात आहे. मी तो देणार नाही. पुढच्या निवडणुकीत गाव मला घरी बसवेल, हे मला पक्कं ठाऊक आहे. नवे साहेब, कुणी विचारलंच तर मी सरपंच म्हणून लेखी देतो: आमच्या चौकात गाडी वळत नाही.

झरीकर साहेब, इतक्या वर्षांत एकदा खरं कारण सांगितलं असतं तर? पण तुम्ही तरी कुणावर भरवसा ठेवायचा होता? माझ्यावर? तुमचा संशय माझ्यापेक्षा बरोबर निघाला. आपल्याला दीर्घायुष्य लाभो.

अध्यक्षांनी वेळ दिला, आपण ऐकून घेतलंत, आभारी आहे. बोलताना तोल गेला असेल तर सभागृहानं पोटात घालावं. तानुबाईंची माफी मात्र अशी इथून मागता येणार नाही. त्यासाठी उद्या वस्तीवर जाणार आहे. त्या माफ करतील का, याची मला शंका आहे. आणि नाही केलं, तर त्यांचं काही चुकलं असं मी म्हणणार नाही.