चावीचा कॅमेरा

(पोलंड, १९५८. फिल्मशाळेतली संकलनाची खोली. विद्यार्थिनी यागोदा आणि संकलक ब्रोन्याबाई छोट्या पडद्यावर यागोदाच्या फिल्मचा शेवट बघताहेत. शेवटी यागोदाचा झेनॉनकाका येतो.)

यागोदा : बघा ना बाई, कसला भारी चालतोय काका पाण्यात! आणि म्हणे, मला अभिनय येत नाही.

ब्रोन्याबाई : तुमच्या वर्गाच्या यंदा सहा फिल्म. त्यात चार माणसं जीव देतात. युद्धात मेली ती कमी पडली का गं?

यागोदा : अहो, त्याचीच तर गोष्ट आहे. युद्धातून वाचलेला माणूस स्वतःच स्वतःला संपवतो. सर म्हणाले, शेवट चांगलाय, पण तोकडा.

ब्रोन्याबाई : तोकडा का ठेवलास?

यागोदा : चावीचा कॅमेरा होता ना, पूर्ण चावी दिली तरी अर्ध्या मिनिटात थांबला. उद्या मोठा मिळतोय, चार मिनिटं चालणारा. काका स्वतःच म्हणाला, पुन्हा करू.

ब्रोन्याबाई : त्याला कुठपर्यंत जायला सांगितलं होतंस?

यागोदा : गुडघ्यापर्यंत.

ब्रोन्याबाई : इथे पाणी छातीला लागलंय. तू ‘कट’ म्हणालीस?

यागोदा : नाही. बघतच राहिले, इतकं खरं वाटत होतं. मग चावी संपली, कॅमेऱ्याची घरघर थांबली आणि तो वळला.

ब्रोन्याबाई : घरघर थांबली म्हणून वळला.

यागोदा : म्हणजे?

ब्रोन्याबाई : उद्याचा कॅमेरा थांबणार नाही, यागोदा.

यागोदा : असं नका ना बोलू. तो किती हसतो, सगळ्यांना चिडवतो...

ब्रोन्याबाई : माझा नवराही हसायचा. नाझींच्या छावणीतून जिवंत आला होता. त्या सकाळी माझ्यासाठी बटाटे सोलून ठेवले आणि गेला.

झेनॉनकाका : काय बाईसाहेब, फार कापलंत का मला? यागोदा, उद्या किती वाजता निघायचं?

यागोदा : उद्या नाही जायचं, काका. शेवट तोकडाच ठेवतेय.

झेनॉनकाका : अगं वेडे, नापास करतील.

यागोदा : करू देत. काका, त्या दिवशी चावी संपली नसती तर?

ब्रोन्याबाई : बसा झेनॉन. ती खुर्ची घ्या.

झेनॉनकाका : मी मांजर शेजारणीकडे देऊन आलोय.

यागोदा : मग आधी ते परत आणू. तिथून आमच्याकडे. आईनं बिटाचं सूप केलंय.

झेनॉनकाका : तुझी आई विचारेल, काय झालं म्हणून.

यागोदा : विचारू दे. सांगू.

झेनॉनकाका : मला नाही गं सांगता येणार.

यागोदा : मी शेजारी बसते. जेवढं येईल तेवढं सांग.