निकाल लागेपर्यंत मशीन

जळगावहून धुळ्याला निघालेल्या बसमध्ये ज्योतीच्या पुढच्या सीटवर दोंडाईच्याचे एक डाळमिलवाले आबा आणि त्यांची बायको बसले होते. दोघं वकिलाला भेटून परतत होते.

“कोर्टानं मशीन सोडवून दिलं, मग अजून खोक्यात कशाला ठेवलंय?”

“अगं, तो अंतरिम आदेश आहे. कस्टमवाल्यांशी खरा वाद ट्रिब्युनलपुढे चाललाय. तिथं हरलो तर मशीन जाईल.”

“तोवर वापरू नका म्हणाले का जज?”

“नाही. वापरा, पण विकू नका म्हणाले.”

“मग आपण कुठं विकतोय?”

“तसं नाही. तुला सवय लागेल.”

“कशाची?”

“निवांत बसायची. आजवर डाळीतला बठ्ठा, एकूण एक काळा दाणा तूच हातानं निवडला. तुझ्या डोळ्यांचं ऑपरेशन झालं, म्हणून तर हे दाणे निवडायचं मशीन परदेशातून मागवलं. ते चालू करायचं, आणि पुन्हा तुला सुपापुढं बसवायचं?”

ज्योतीनं हेडफोन कानाला लावले होते, पण गाणं केव्हाच बंद केलं होतं.

“मी काय लहान पोर आहे, खेळणं नेलं म्हणून रडायला?”

“तू नाही रडणार. मला रडू येईल.”

“मग तेव्हा रडा. मी असेन ना जवळ. आता योगेंद्रला फोन लावा.”

आबांनी फोन लावला.

“हां, योगेंद्र. ते खोकं उघड. आणि मशीनजवळ तुझ्या आईसाठी खुर्ची मांडून ठेव.”

“दोन सांगा,” ती म्हणाली.