डोनाखाच्या बहिणीचा फॉर्म

अ‍ॅट्रॅक्टा : तो फॉर्म खिशातच राहू दे, मॅलॅकी. माझी पोर गेलिक फुटबॉल खेळणार नाही. एक मुलगा दिलाय तुमच्या क्लबला.

मॅलॅकी : अगं, मी कुठं काढला फॉर्म?

अ‍ॅट्रॅक्टा : मग एवढ्या पावसात काय माझा चहा प्यायला आलास?

मॅलॅकी : ग्रॉन्या रोज मैदानावर येते. कुंपणाबाहेर उभी राहते. प्रशिक्षक असून मला तिला आत ये म्हणता येत नाही, घरी जा म्हणता येत नाही.

अ‍ॅट्रॅक्टा : अस्सं! आणि मला सांगते, वाचनालयात जाते म्हणून.

मॅलॅकी : तिच्या हृदयाची तपासणी झालीय ना?

अ‍ॅट्रॅक्टा : दोनदा. डॉक्टर म्हणाले, ठणठणीत आहे. डोनाखाला बघून तरी दुसरं काय म्हणाले असते? एकोणीस वर्षांचा घोडा. पार कडेच्या रेषेवरून डाव्या पायानं मारायचा, अन् चेंडू दोन खांबांच्या मधोमध.

मॅलॅकी : तीस वर्षांत तसा पाय पाहिला नाही मी... अ‍ॅट्रॅक्टा, एक सांगायचंय. दोन वर्षांपासून सांगायचंय.

अ‍ॅट्रॅक्टा : सांग की.

मॅलॅकी : त्या दिवशी सरावाआधी म्हणाला होता, छातीत कसंतरी होतंय. मी म्हटलं, बस बाहेर. तर म्हणे, काउंटीचा संघ निवडणारे आलेत, दहाच मिनिटं. मी... जाऊ दिलं. सातव्या मिनिटाला पडला, तो उठलाच नाही.

(ती उठून चहाचे कप विसळायला लागते.)

मॅलॅकी : काहीतरी बोल. शिव्या तरी दे.

अ‍ॅट्रॅक्टा : मलाही म्हणाला होता. सकाळी, इथंच, बूट घालताना. मी म्हटलं, रात्र रात्र जागतोस, दुसरं काय होणार? जा, गाई बाहेर सोड.

मॅलॅकी : तुला काय माहीत होतं?

अ‍ॅट्रॅक्टा : अन् तुला? तुला शिव्या देता आल्या असत्या ना, तर बरं झालं असतं रे.

मॅलॅकी : निघतो मी. ग्रॉन्याला सांगतो, आई नाही म्हणते.

अ‍ॅट्रॅक्टा : ऐकणार आहे ती! काल गोठ्याच्या भिंतीवर चेंडू मारत होती. तासभर. डाव्या पायानं. उजव्या पायाची आहे रे ती, मॅलॅकी.

मॅलॅकी : डोनाखासारखी.

अ‍ॅट्रॅक्टा : काढ फॉर्म.

मॅलॅकी : घाई नाही गं.

अ‍ॅट्रॅक्टा : आत्ता नाही केली सही, तर पुन्हा व्हायची नाही. कुठं करू? दिसत नाहीये मला.

मॅलॅकी : इथं. या रेघेवर. सामन्याला येशील?

अ‍ॅट्रॅक्टा : फाटकाबाहेर गाडीत बसेन. काचा वर करून.

मॅलॅकी : बरं.

अ‍ॅट्रॅक्टा : खेळ संपला की बाकीच्या पोरींआधी तिला बाहेर पाठव.