साडूची कुत्रागाडी

…आणि वर तोंड करून सांगतो काय, तर ‘थंडीचं काही नाही हो, तासाभरात सवय होते.’ सवय होते म्हणे! तुम्हाला सांगतो, हा लोटू, सुरतेतल्या लिंबायतच्या पत्र्याखाली निम्मं आयुष्य घाम पुसण्यात गेलेला माणूस, ज्याच्या घरी स्वेटर म्हणजे ट्रंकेत डांबरगोळ्यांसोबत राहायची वस्तू, तो उणे बावीस डिग्रीच्या गप्पा मारतो, अख्खी गल्ली तोंड उघडं टाकून ऐकते, आणि भिंतीला टेकून बसलेला हिलाल, त्याचा सख्खा साडू, मान खाली घालून शेंगा फोडतो. एकेक शेंग अशी फोडतो की आतला दाणा दचकावा. पण हिलाल जळत नव्हता, हं. एवढं आधीच सांगून ठेवतो. कुणी काही म्हणालं तर म्हणू द्या.

आता साडू म्हणजे काय ते तुम्हाला सांगायला नको. भाऊ निवडता येत नाही, शेजारी बदलता येतो, पण साडू… साडू म्हणजे सासऱ्याच्या तराजूतलं दुसरं पारडं. थोरली प्रमिलाबाई हिलालला दिली, धाकटी मालतीबाई लोटूला, आणि सासरे बाबुराव पारोळ्याकडून वर्षातून दोनदा सुरतला यायचे ते जणू वजन तपासायलाच. दोघा जावयांना त्यांनी लग्नात एकाच दुकानातून, एकाच दिवशी घड्याळं घेतली होती. हिलालचं पाचव्या दिवशी बंद पडलं. लोटूचं अजून चालू आहे आणि तो ते दिवसातून चाळीस वेळा बघतो. आता यात लोटूचा काय दोष? काहीच नाही. तेच तर दुखणं आहे, त्याचा कधीच काही दोष नसतो!

तसं पाहिलं तर हिलालचं बरं चाललं होतं. कतारगामला धीरजभाईंच्या हिऱ्याच्या कारखान्यात तो स्वयंपाकी. दीडशे कारागिरांचं जेवण, कांदा नाही, लसूण नाही, तरी डाळीला अशी चव की माणसं ताट पुसून उठायची. आणि लोटू कापडाच्या लूमवर. स्वयंपाकाचं म्हणाल तर बटाटा कुठल्या बाजूनं सोलायचा हे त्याला विचारावं लागायचं.

तर हे धीरजभाई हिऱ्यांच्या कामानं बेल्जियमला जात-येत असायचे, तिथं त्यांना कुणीतरी सांगितलं की नॉर्वेच्या पार वरच्या टोकाला हिवाळ्यात बर्फावर कुत्रे गाडी ओढतात, आपण बसायचं, सोबत वाट दाखवणारा माणूस असतो, स्वर्ग आहे स्वर्ग. झालं. अठ्ठ्याण्णवच्या जानेवारीत शेठ धरून घरची दहा माणसं निघाली. पण शेठच्या आई हीराबा, सत्तरीच्या, त्या घरचं सोडून कुणाच्या हातचं पाणी पीत नाहीत, मग तिथं खाणार काय, बर्फ? म्हणून हिलाल, त्याचा पासपोर्ट शेठनी आधीच काढवून घेतला होता. आणि हिलालच्या हाताखाली एक माणूस. तो माणूस कोण? तर ज्याच्याकडे पासपोर्ट तयार आहे तो, कारण दिवस उरले होते थोडे. आणि पासपोर्ट अख्ख्या लिंबायतमध्ये हिलालच्या ओळखीत एकाकडेच होता. लोटूनं मागे आखातात जायचं म्हणून काढला होता, ते जाणं फिसकटलं, पासपोर्ट कोराच राहिला. म्हणजे बघा, लोटूला नेला कुणी? हिलालनं. स्वतःच्या तोंडानं नाव सांगून! प्रमिलाबाई तेव्हाच म्हणाल्या होत्या, ‘बघा बाई, तुम्ही आणि ते एका गाडीत…’ पण ऐकतो कोण.

गेले. कुकर, तवा, लाटणं, दोन पोती पीठ, हिंगाची डबी घेऊन गेले. तिथं अकराला उजाडतं आणि दोनला मावळतं, मधल्या तीन तासांत जे काय दिसायचं ते पांढरं. लाकडी खोल्या, त्यातल्या एकीत चूल. वाट दाखवणारी बाई होती, मारित नावाची, दाराच्या चौकटीएवढी उंच, आणि तिचे चाळीस कुत्रे. हिलालला वाटलं होतं कुत्रे म्हणजे वाघासारखे असतील, तर ते आपले गोडादऱ्याच्या नाक्यावर बसतात तसेच किडकिडीत, फक्त शिकलेले. पण आवाज! गाडीला जुंपायला घेतले की चाळीसच्या चाळीस असे केकाटायचे, उड्या मारायचे, की मला ने, मला ने, मला ने. हिलाल दारात पळी घेऊन उभा होता, त्याला क्षणभर वाटलं की हे आपल्याच मनातलं बोलतायत.

मारितबाईनं सगळ्यांना समजावलं आणि शेठनी ते गुजरातीत सांगितलं. गाडीवर एक जण पुढे बसणार, एक जण मागे गाडीखालच्या घसरणाऱ्या पट्ट्यांवर उभा राहून दांडा धरणार. लगाम नाही. थांबवायचं तर पायानं ब्रेक दाबायचा. आणि मुख्य म्हणजे दांडा सोडायचा नाही, कारण माणूस पडला तरी कुत्रे थांबत नाहीत, त्यांना कुणी पडल्याचं सुखदुःख नसतं. पाच गाड्या, दहा माणसं, आणि पुढे मारितबाईची स्वतःची वेगळी गाडी. हिशेब चोख.

आणि हीराबांनी ऐन वेळेला मान हलवली. ‘मारे नथी बेसवुं. कूतरां पासे भार खेंचावाय?’ मुक्या जिवाला ओझं ओढायला लावायचं नाही म्हणाल्या, आणि शालीत शिरून चुलीपाशी बसल्या. एक जागा रिकामी!

आता इथं नीट ऐका. धीरजभाईंनी आधी कुणाला विचारलं? हिलालला. देवाची शपथ, हिलालला. म्हणाले, ‘हिलाल, तारे बेसवुं छे?’ आणि हिलाल म्हणाला, ‘नको शेठ, मला खिचडी टाकायचीय.’

आता तुम्हीच सांगा, आपल्याकडे माणूस पहिल्या विचारण्याला हो म्हणतो का? चहा विचारला तर ‘नको, आत्ताच घेतला.’ जेवायला बसा म्हटलं तर ‘नको, पोट भरलंय.’ मग समोरचा हात धरतो, शपथ घालतो, मग आपण बळेच टेकल्यासारखं टेकतो. ही रीत आहे. पहिलं ‘नको’ हे नको नसतंच मुळी, ते घसा साफ करणं असतं! हिलालनं घसा साफ केला आणि दुसऱ्या विचारण्याची वाट बघत एप्रनची गाठसुद्धा सोडायला घेतली… आणि शेठ वळले. ‘चाल लोटू, तू आवी जा.’ लोटू काय म्हणाला? काहीच नाही म्हणाला. वाक्य पुरं व्हायच्या आत तो गाडीवर होता, गुडघ्यावर घोंगडी घेऊन, शेठच्याच गाडीत, शेठ मागे उभे आणि हा पुढे राजासारखा बसलेला. मारितबाईनं गाडी बर्फात रोवून ठेवणारा आकडा काढला. आणि इतका वेळ केकाटणारे कुत्रे एकदम गप्प झाले आणि निघाले. सगळ्या गाड्या झाडांच्या आड गेल्या. आवाज बंद. हिलाल अर्धी सुटलेली गाठ धरून दारात उभा.

पण जळत नव्हता, बरं का. त्यानं शांतपणे बटाटे सोलायला घेतले. सोलता सोलता एकेका बटाट्याची गोटी झाली. कढीत मीठ घातलं, मग खिडकीतून बघितलं, मग परत मीठ घातलं. हीराबा म्हणाल्या, तू सारखा खिडकीशी काय जातोस रे? हिलाल म्हणाला, बा, वाफ जाऊ देतो. हीराबांनी वारा लागल्यासारखी शाल जरा जास्त घट्ट केली, आणि खिडकी तर बंदच होती.

अडीच तासांनी आले. लोटूच्या मिशीवर बर्फाची झालर, गाल टोमॅटोसारखे, आणि शेठ… शेठ लंगडत. झालं होतं असं की एका वळणावर शेठचा हात दांड्यावरून सुटला आणि शेठ बर्फात. कुत्रे थांबले नाहीत. गाडीवर एकटा लोटू, मागे कुणी नाही, आणि तो आपला ओरडतोय, ‘थांब रे भो, थांब!’ कुत्र्यांना कुठली आलीय अहिराणी? शेवटी पुढं मारितबाईनं तिची गाडी आडवी घातली तेव्हा हे थांबले. शेठ अर्धा किलोमीटर गुडघाभर बर्फातून चालत आले. जेवताना त्यांनी लोटूला आणि वाढणाऱ्या हिलालला सांगितलं की हे सुरतेत कुणाला कळायला नको, कारखान्यात दीडशे माणसं आहेत, हसतील. दोघांनी माना डोलावल्या. मग शेठनी कढीचा घोट घेतला आणि वाटी बाजूला सरकवली. लोटू मात्र तीन वाट्या प्यायला. ‘भाऊ, आज कढी भारी झालीय,’ म्हणाला. म्हणजे खारटसुद्धा लागत नव्हती त्याला, इतका सुखात होता तो माणूस!

दुसऱ्या दिवशी परत फेरी होती. शेठ पायामुळे जाणार नव्हते, हीराबा जाणार नव्हत्या, म्हणजे दोन जागा. हिलाल पहाटेच दोन पायजमे, मफलर आणि माकडटोपी चढवून बसला आणि मनात पाठ करत राहिला की यावेळी ‘हो’ म्हणायचं, ‘हो’ म्हणायचं. आठला मारितबाई आल्या आणि म्हणाल्या, वारा सुटलाय, आज कुणीच नाही. हिलालनं माकडटोपी काढली आणि पीठ मळायला घेतलं.

सुरतला आल्यावर काय झालं ते तुम्ही ऐकलंच असेल. लोटूचं नाव पडलं ‘नॉर्वेवाला’. लूमवर लोक त्याला पाणी आणून द्यायचे आणि विचारायचे, मग पुढं काय झालं? शेठच्या मुलानं काढलेला फोटो त्यानं फ्रेम करून दारासमोर लावला. गाडीवर लोटू हसतोय, आणि मागे उभा एक माणूस, टोपी, गॉगल आणि मफलरमध्ये असा गुंडाळलेला की कोण आहे, देवाला ठाऊक. पडण्याचा किस्साही तो सांगायचा, फक्त नाव गाळून, म्हणून लोक विचारायचे, हा पडला तो का? कोण होता? लोटू म्हणायचा, नाव घेणार नाही, शब्द दिलाय. यानं तर त्याचा भाव आणखी वाढला. आणि हिलालला काय विचारायचे लोक? ‘तुम्ही तिथं स्वयंपाकाला होतात ना? मग लोटूभाऊंना बसलेलं बघितलं असेल!’ हजारो मैल गेलेला माणूस, हो, आणि साक्षीदार म्हणून! पण जळत नव्हता. फक्त त्या घरावरून जायचं टाळायचा आणि त्यासाठी दोन गल्ल्या वळसा घालायचा.

मग मार्चात दोघांच्या मेहुण्यानं गोडादऱ्याला घर घेतलं. वास्तुशांत. सासरे बाबुराव खास आलेले, पाटावर बसलेले, अख्खं सासर भोवती. जेवणं झाली, पानं आली, आणि सासरे म्हणाले, हं लोटू, सांगा तुमचं कुत्र्याचं. लोटूनं सांगितलं. सासऱ्यांचे डोळे चमकले. मग ते सहज, अगदी सहज हिलालकडे वळले आणि म्हणाले, तुमची काय बसायची हिंमत झाली नसेल, जवाईबापू?

तुम्हाला सांगतो, प्रमिलाबाईंनी खाली बघितलं. तेवढंच. ते नसतं बघितलं तर हिलाल गप्प बसला असता. पण त्यांनी बघितलं आणि हिलालच्या तोंडून निघून गेलं, ‘बसलो की. मीही बसलो.’

सगळे त्याच्याकडे वळले. सासरे पुढे सरकले. कसं वाटलं? हिलाल म्हणाला, वाटायचं काय, लगाम असा घट्ट धरायचा… आणि हात पुढे करून त्यानं लगाम धरला. पान चघळणाऱ्यांचे जबडे थांबले. कारण लोटूनं गेल्या दोन महिन्यांत सगळ्या सुरतला सांगितलं होतं की कुत्र्यांच्या गाडीला लगाम नसतो. मालतीबाईंनी नवऱ्याकडे बघितलं. आता फक्त लोटूनं तोंड उघडायचं बाकी होतं, आणि पंधरा वर्षांच्या तराजूचा एकदाच काय तो निकाल लागणार होता.

लोटूनं तोंड उघडलं. म्हणाला, ‘भाऊ माझ्याच गाडीत होते. मागे उभे. त्या मागच्या दांड्याला ते लगाम म्हणतायत.’

काय म्हणावं या माणसाला? वाचवलं त्यानं! सगळ्यांसमोर, एका दमात. हिलालला असा राग आला, असा राग आला की डोळ्यांत पाणीच यायचं बाकी राहिलं, कारण आता याचा चांगुलपणासुद्धा आपल्यापेक्षा जास्त निघाला. याचं काय करायचं माणसानं?

पण सासरे गणिताचे पक्के. त्यांनी बोटावर बोट ठेवलं. लोटूच्या गाडीत दोन माणसं. एक लोटू. लोटू तर पडला नाही. मग ते हळूच म्हणाले, ‘म्हंजे पडनात ते तुम्हीच का, जवाईबापू?’

लोटूचा चेहरा पांढरा झाला, त्याच्या आत्ता लक्षात आलं. हिलालनं इकडे बघितलं, तिकडे बघितलं. नाही म्हणावं तर मग कोण पडलं ते सांगा, आणि ते सांगायचं तर शेठचं नाव. बसलोच नाही म्हणावं तर समोर प्रमिलाबाई. तो फोटोतला गुंडाळलेला माणूस सगळ्यांच्या डोळ्यांसमोर आला असणार, कारण मेहुणा म्हणालासुद्धा, ‘तरीच! पोट बघूनच मला वाटलं होतं!’

‘हो,’ हिलाल म्हणाला. ‘वळणावर हात सुटला.’

मग काय विचारता… लागलं का, कुठं लागलं, दोन महिने बोलला नाहीत, मेहुण्याच्या बायकोनं हळद घालून दूध आणलं. आणि सगळ्यांनी लोटूची पाठ थोपटली की बघा, साडूची लाज राखायला या माणसानं इतके दिवस नाव घेतलं नाही. साडू असावा तर असा!

परत येताना रिक्षात प्रमिलाबाईंनी पदर सारखा केला. मग म्हणाल्या, ‘एवढं पडलात आणि मला एका शब्दानं सांगितलं नाही? हसं झालं ना सगळ्यांत.’

हिलालनं बाहेर बघितलं, उसासा टाकला आणि म्हणाला, ‘होऊ दे. पडायला तरी आधी बसावं लागतं.’