एकसष्ट दिवसांचं कारण

वकील: अपिलाची मुदत तीस दिवसांची. तुम्ही उगवलात एक्क्याण्णवाव्या दिवशी! एकसष्ट दिवस उशीर, बाई. न्यायाधीश पहिला प्रश्न हाच विचारणार, इतके दिवस होतात कुठे?

बाइंडर: दुकानातच होते. पुस्तकं शिवत होते.

वकील: असं नाही चालत. उशीर माफ व्हायला पुरेसं कारण लागतं. आजारपण, घरात कुणी गेलं, निकालाची नक्कल उशिरा मिळाली... यातलं काही?

बाइंडर: नक्कल आठव्या दिवशीच आणली मी.

वकील: झालं! तीही वाट बंद. बरं, गुडघा दुखतो ना तुमचा? जिना चढताना बघितलं मी. डॉक्टरांचा दाखला आणा.

बाइंडर: गुडघा सहा वर्षं दुखतोय. त्यापायी एक दिवस काम चुकलं नाही. खोटं नको.

वकील: मग खरं सांगा.

बाइंडर: हसाल तुम्ही.

वकील: पस्तीस वर्षं वकिली केली. हसू केव्हाच आटलं. बोला.

बाइंडर: धाकट्याची वाट बघत होते.

वकील: कोण धाकटा? ज्यानं तुमच्यावर दावा लावला आणि जिंकला, तो?

बाइंडर: भाऊ आहे हो माझा. वडिलांनी दुकानाची खोली त्याच्या नावावर केली आणि काम मला शिकवलं. त्याला खोली विकायची होती, मी हलेना. दावा लागल्यापासून तीन वर्षं आमच्यात एक शब्द नाही. आणि निकालाच्या दिवशी, कोर्टाच्या जिन्यात, मागून म्हणाला, "ताई, जपून उतर."

वकील: एवढंच?

बाइंडर: तीन वर्षांनी "ताई" म्हणाला! वाटलं, आता येईल. पूर्वी दुपारी दुकानातच यायचा. पुठ्ठे कापायच्या टेबलावर डबा उघडून बसायचा, कात्रणं उडवत. निकालानंतर ताबा मागायलाही कुणाला पाठवलं नाही त्यानं. मग मीच कशी अपील करू? त्याच्यासमोर पुन्हा उभं राहायचं, पुन्हा उलटतपासण्या. रोज म्हणायचे, आज नाही तर उद्या येईल.

वकील: मग आज कशा आलात?

बाइंडर: काल ताब्याची नोटीस आली.

वकील: हं. ... हे बघा, माणूस खुशाल झोपून राहिला का, मुद्दाम खेळ केला का, हे कोर्ट बघतं. उशीर करून तुम्हाला काय मिळालं?

बाइंडर: काय मिळणार? पायऱ्यांवर कुणाचाही पाय वाजला की हातातली सुई थांबायची, एवढंच.

वकील: समेटाच्या आशेनं थांबलात, असं लिहू. कारण कच्चं आहे, आधीच सांगतो. अर्ज फेटाळला तर अपील तिथेच संपलं.

बाइंडर: लिहा. तेवढंच खरं आहे माझ्याकडे.

(तीन आठवड्यांनंतर. कोर्टाबाहेरचा व्हरांडा.)

वकील: माफ! एकसष्टच्या एकसष्ट दिवस. अपील दाखल झालं.

बाइंडर: न्यायाधीशबाईंनी अर्ज दोनदा वाचला ना?

वकील: वाचला. पण गंमत तुम्ही बघितलीच नाहीत, मान खाली घालून बसला होतात. समोरचा वकील हरकत घ्यायला उठला, तर तुमच्या भावानं त्याचा कोट धरून खाली बसवलं! "हरकत नाही" म्हणाला. हुरळू नका मात्र. उशीर माफ झालाय, खोलीचा निकाल अजून लागायचाय. ... येतोय बघा तो. मी आत जाऊन पुढची तारीख लिहून घेतो.

धाकटा: ताई.

बाइंडर: बोल.

धाकटा: ते अर्जात लिहिलंस...

बाइंडर: शपथेवर आहे.

धाकटा: मी आलो होतो. दोनदा. खालच्या दारापर्यंत.

बाइंडर: मग वर का नाही आलास?

धाकटा: तुझी कामाची ठोकाठोक ऐकू येत होती. वाटलं, माझ्यावाचून बरं चाललंय.

बाइंडर: वेड्या, हात थांबले असते तर डोकं फिरलं असतं माझं.

धाकटा: खोलीचं माझं अजून ठरलेलं नाही, ताई. उगाच आशा लावून घेऊ नकोस.

बाइंडर: खोलीचं कोर्ट बघेल. मी खोलीचं कुठे विचारलं?

धाकटा: ... किती वाजता उघडतेस हल्ली?

बाइंडर: नऊला. पण आठपासून असते मी तिथे.