पाटी क्रमांक १७ व इतर अडतीस पळस

पुरवणी जबाब
दिनांक १३ सप्टेंबर २०२५, सकाळी ११.२० वाजता

मी, तेजराम सदाशिव गिऱ्हेपुंजे, वय ५४ वर्षे, धंदा – सायकल, पंप व शिलाई मशीन दुरुस्ती, शिक्षण – आठवी पास, त्यापुढचे स्वतःचे स्वतः, राहणार लाखनी, जिल्हा भंडारा.

मी समक्ष ठाण्यात येऊन, कोणी बोलावले नसताना, सांगतो की, आमच्या लेआउटमध्ये जी मोकळी जागा आहे, जिला सर्वजण ओपन स्पेस म्हणतात, तेथे मी स्वतःच्या हाताने बनवलेल्या वस्तू अशा आहेत : झाडांच्या पाट्या ११२, तेलाच्या पंधरा किलोच्या पिप्याचा पत्रा कापून, प्रत्येकी सहा इंच बाय चार इंच, लहान पोरांचा हात कापू नये म्हणून चारही कोपरे कानशीने गोल केलेले, अक्षरे मागून खिळ्याने ठोकून वर काढलेली. मधमाश्या व भुंग्यांसाठी बांबूच्या नळ्यांच्या मोळ्या १४. पाखरांसाठी पाण्याच्या वाट्या ९, जुन्या स्कूटरच्या हेडलाइटच्या. बेडकांसाठी खड्डा १, आठ फूट बाय पाच फूट, खोली दोन फूट, एका बाजूने दगडाच्या पायऱ्या, म्हणजे जो पडला त्याला बाहेर येता यावे. फाटक १, सायकलच्या रिंगांचे. यापैकी काहीही विकतचे नाही. फाटकाची कडी विकत आणली, ती वगळून.

हवालदार योगेंद्र साहेब म्हणाले, इतकं सारं कायले पाहिजे. मी सांगितले, पाहिजे.

सदर जागा ३८ मीटर बाय २२ मीटर असून सन २०२१ पर्यंत तेथे कचरा, गाजरगवत व बेशरमची झुडपे होती. अंगणवाडी सेविका अंजूताई मेश्राम यांच्या पुढाकाराने आम्ही अकरा घरांनी मिळून ती साफ केली व फक्त इकडच्या मातीची झाडे लावली. पळस ४८, बाकी मोह, जांभूळ, चारोळी, बेल वगैरे ६४, एकूण ११२. पळसाचे बी मी सिहोरा येथून, बहिणीच्या बांधीच्या, म्हणजे धानाच्या शेताच्या, पाळीवरून स्वतः वेचून आणले. रस्ता रुंद झाला तेव्हा कडेचे पळस गेले, त्यांच्या मागे शिंजीर पाखरूही गेले. ते परत यावे हा उद्देश. आजवर माझ्या वहीत २३ जातीची पाखरे नोंद आहेत. पैकी दोनबद्दल अंजूताईंचे मत वेगळे आहे.

नगर पंचायतीने जागा आम्हाला चार वर्षांसाठी अटीवर दिली. अट अशी की, पाहणीच्या दिवशी शंभरातली पंचाहत्तर झाडे जिवंत दिसली तर जागा पुढेही आमच्याकडे, नाही तर तेथे शोभेचा बगीचा होणार. पाहणी येत्या १६ तारखेला सकाळी ११ वाजता आहे. बगीच्याचे काम घेण्यास ठेकेदार भैय्याजी तयार बसले आहेत. त्यांच्या नकाशात हिरवळ, बाहेरदेशची झाडे व प्लास्टिकचे हरीण दोन आहेत. एक उभे, एक बसलेले.

दिनांक २२ ऑगस्ट रोजी पोळा होता. मी बहिणीकडे सिहोऱ्याला बैलांच्या पूजेला गेलो होतो. पोळ्याच्या संध्याकाळी दाराच्या दोन्ही अंगांना पळसाची पानासहित फांदी लावतात, तिला मेढी म्हणतात. दुसऱ्या दिवशी पहाटे ती काढून, ईडा पीडा घेऊन जा गे मारबत, असे पीडा वाहून नेणाऱ्या मारबतीला ओरडून सांगत शिवेबाहेर नेऊन टाकतात. हे साहेबांना माहीत आहे, परंतु कागद पुढे कोणाकोणाकडे जाईल म्हणून लिहून घ्यावे.

दिनांक २३ ऑगस्ट रोजी सकाळी ६.१० वाजता मी मोटारसायकलने परत येत असता शिवेवरच्या रपट्याजवळ, म्हणजे नाल्यावरच्या ठेंगण्या पुलाजवळ, मेढींचा मोठा ढीग दिसला, अंदाजे कमरेइतका. मी गाडी थांबवली. मनाला बरे वाटले की लोकांनी रीत टिकवून ठेवली. इतकी पाने गावात आता कुठून आली असतील, असाही विचार आला. त्यानंतर ढिगात माझी पाटी दिसली.

पाटीवर असा मजकूर होता : क्र. १७. पळस. फुलावर शिंजीर, मैना, मधमाशी. उपयोग – पत्रावळ, द्रोण, होळीचा रंग, पोळ्याची मेढी.

मी ढीग उपसून एकूण २६ पाट्या काढल्या. नंतर जागेवर जाऊन मोजले. ४८ पैकी ३९ पळस तोडलेले होते. बाकी ६४ झाडांना कोणी बोट लावलेले नव्हते. पळसाला अगदी लागून असलेली चारोळीसुद्धा शाबूत होती. म्हणजे तोडणाऱ्यांनी चूक केली नाही, पाहून पाहून तोडले.

सकाळी ७.३० वाजता घरी गेलो. माझी पत्नी विमलाबाई अंगण झाडत होती. उंबऱ्याशी पळसाचे एक पान पडलेले होते. त्यावरून आमचे बोलणे झाले ते असे :

"हे पान कुठचं?"

"मेढीचं. दुसरं कुठचं राहीन?"

"मेढी कुठची?"

"तुमच्या ओपन पेसची. साऱ्याइनं आणली, मीबी आणली दोन."

"साऱ्याइनं म्हणजे कोणं कोणं? अर्ध्याइले तं पळस कोणता अन् साग कोणता हे समजत नाही."

"नाहीच समजत. पण वाचता येते ना. तुमच्या पाटीनं सांगितलं. ते शेजारची रिता, पुण्यावाली, तिनं तं हरेक पाटी वाचली. मंग मले मोबाइलवर फोटू पाठवला, काकू हेच ना? म्या म्हटलं, हो, हेच. खाली लिवलंच हाये मेढी म्हून."

"मले इचारायचं नाही काय?"

"तुमी घरी होते काय जी? अन् सात वर्सं झाले या घरी येऊन. एका पोळ्याले दाराले मेढी नाही लागली. यंदा लागली."

त्या सकाळी मी चहा घेतला नाही.

त्याच दिवशी १०.०५ वाजता मी या ठाण्यात तक्रार दिली. तीत मी "३९ झाडे मेली" असे लिहिले. सोबत अंजूताई होत्या. त्या म्हणाल्या, "दादा, मेली नका लिवू. तोडली लिवा. उद्या आपल्याच गळ्यात येईन." मी त्यांना म्हटले की, चार वर्षे पाणी कोणी घातले. त्या म्हणाल्या, अकरा घरांनी. हे बरोबर आहे. तरी मी मेली असेच लिहिले.

आरोपी कोण, असे योगेंद्र साहेबांनी विचारले. मी सांगितले, संपूर्ण लेआउट, घरे ६४, माझे धरून. साहेबांनी पेन खाली ठेवला व पुरावा मागितला. मी पाटी क्र. १७ टेबलावर ठेवली. त्यांनी ती मोठ्याने, शेवटच्या ओळीपर्यंत वाचली व म्हणाले, "भाऊ, तुमीच तं सांगून राहिले लोकाइले." आतल्या खोलीत कोणी तरी हसले. नाव मला माहीत आहे, येथे देत नाही.

मी त्यांना विचारले की, तुमच्या दाराला मेढी कुठची होती. साहेबांनी पाणी मागवले.

त्यानंतर १६ दिवस मी त्या जागेत पाय ठेवला नाही. दिनांक ९ सप्टेंबर रोजी उरलेल्या पाट्या काढून आणाव्या म्हणून पान्हा घेऊन गेलो. प्रथम क्र. १७ कडे गेलो. तुटल्या जागेच्या चार बोटे खाली तांबूस कोंब दिसले, तीन. त्यांना लव होती. मी चष्मा पुसला व परत पाहिले. नंतर सर्व ३९ झाडे नखाने साल किंचित खरवडून व भिंगाने तपासली. ३६ झाडांना कोंब आहेत. क्र. ४, ३१ व ४४ मुळासकट ओढल्यामुळे खरोखर मेलेली आहेत. पान्हा वापरला नाही.

तरी माझे दिनांक २३ ऑगस्टचे विधान चूक होते, असे मी सांगतो. मोजण्यात चूक नव्हती, आकडा ३९ बरोबरच होता. पण पळस तोडला तर मरत नाही, हे बांधीच्या पाळीवर वाढलेल्या माणसाला माहीत पाहिजे. मला माहीत होते. त्या दिवशी आठवले नाही.

आज हे सांगण्याचे कारण की, माझ्या तक्रारीची नक्कल भैय्याजींनी मिळवून नगर पंचायतीत अर्जासोबत लावली आहे. तीवरून ११२ मधून ३९ वजा जाता ७३ उरतात, म्हणजे शंभरात ६५.१८, व जागा आमच्या हातून जाते, तीही माझ्याच सहीने. खरा हिशेब १०९ जिवंत, म्हणजे शंभरात ९७.३२ असा आहे.

दिनांक १० सप्टेंबर रोजी संध्याकाळी ६ वाजता जागेवर सर्वांची बैठक झाली. पहिल्यांदा अकरापेक्षा जास्त घरे आली, एकूण ४३. मी उभा राहून चूक सांगितली. कोणी हसले नाही, फक्त बाया हसल्या. रिताबाईंनी क्र. १७ दत्तक घेतल्याचे जाहीर केले. त्या रोज दोन वेळा पाणी घालून राहिल्या आहेत. पळसाला इतके लागत नाही, हे मी त्यांना दोनदा सांगितले. पुढच्या पोळ्याला मेढी घ्यावी की नाही यावर चर्चा झाली. अंजूताई म्हणाल्या, आमच्या घरी मेढी लावत नाहीत, पण तोडाले माणूस लागला तर मी येईन. विमलाबाई म्हणाली, "पाटीवरची ओळ खोडू नका जी. नीट लिवा."

त्याप्रमाणे मी ओळ खोडली नाही. ठाण्यात जमा असलेली क्र. १७ वगळता सर्व पळसांच्या पाट्यांवर खाली भर घातली : मेढी एका घराला दोनच. खालची फांदी. विळ्याने कापावी, ओढू नये. झाड छातीपेक्षा उंच असेल तरच. तेजरामला विचारून.

दिनांक ११ सप्टेंबर रोजी दुपारी ४.४० वाजता भैय्याजी माझ्या दुकानात आले. स्टूल दिले, बसले. भर घातलेल्या पाट्या त्यांनी एक एक उचलून पाहिल्या. म्हणाले, "काय काम हाये तेजरामभाऊ! असे अक्षर नागपुरात नाही भेटत." मी म्हटले, नाही भेटत. ते म्हणाले की, बगीच्यासाठी त्यांना ६१ पाट्या पाहिजेत व त्या माझ्याच हातच्या पाहिजेत. फक्त १६ तारखेपर्यंत कोंबांबद्दल मी कोठे बोलू नये. "झूट बोला असं नाही म्हणून राहिलो. चूप राहा, बस."

मी यादी मागितली व वाचली. ६१ च्या ६१ झाडे बाहेरची होती. मी विचारले, यातल्या कोणत्या झाडावर आपल्याकडचे कोणते पाखरू बसते. भैय्याजी म्हणाले, "पाखराइचं काय हाये, हरीण बसवून राहिलो ना दोन." मी म्हटले, एक उभे आहे. मी नकाशा पाहिलेला आहे.

त्यांनी एका पाटीचा भाव सांगितला. माझ्या पाटीचे पैसे देतो, असे आजवर मला कोणीही म्हटलेले नव्हते. मी जमिनीवर खडूने गुणाकार केला, दोनदा. उत्तर तेच आले. त्यानंतर मी नाही म्हटले व त्यांच्या स्कूटरच्या मागच्या चाकात हवा कमी होती ती भरून दिली. त्याचे पैसे घेतले नाहीत.

विमलाबाई पडद्याआडून ऐकत होती. भैय्याजी गेल्यावर तिने चहा आणून दिला. मी तो घेतला. अर्ध्या तासाने परत आणून दिला.

माझी कोणाविरुद्ध तक्रार राहिलेली नाही. पहिल्या कागदातील "मेली" हा शब्द रद्द समजून हा जबाब त्यास जोडावा व एक नक्कल १६ तारखेच्या आत नगर पंचायतीस मिळावी. न मिळाल्यास मी स्वतः नेऊन देईन. पाटी क्र. १७ पुरावा म्हणून ठाण्यात जमा आहे ती आज परत मिळावी, भर घालून झाडाला लावायची आहे.

जबाब योगेंद्र साहेबांनी मला मोठ्याने वाचून दाखवला. माझ्या सांगण्याबरहुकूम आहे, फक्त एका ठिकाणी दुरुस्ती. साहेबांनी भैय्याजींची रक्कम "वीस-एकवीस हजार" अशी लिहिली होती, व घेतलीच नाही तर नेमकी कायले पाहिजे, असे म्हणाले. घेतली असती तर अंदाजे चालली असती. नाकारलेली आहे म्हणून पूर्ण लिहावी : पाट्या ६१, दर ३५०, एकूण रुपये २१,३५०, अक्षरी एकवीस हजार तीनशे पन्नास फक्त.