घंटा झाली तरी

अकोला स्टेशनात थर्ड क्लासच्या बाकावर माणिकबाई गाडीची वाट पाहत होती. शेजारच्या नवराबायकोचं बोलणं तिच्या कानी पडलं.

“अवो द्वारके, हळू! पोर पडली असती मांडीवरून. मालगाडीची घंटा हाय ते, तू काहून उठतं?”

“अनाथाश्रमात घंटेवर उठली, घंटेवर जेवली. पाय ऐकत नाहीत.”

“तरी तिथंच मोठी झाली ना? माह्या मेलेल्या भावाची हे पोरही होईन.”

“मी ताटाभोवती हात धरून जेवते, तुमी हासता. उद्या हिचा नवरा हासन.”

“आपली चार हायेत, द्वारके.”

“हे पाचवी.”

पुन्हा घंटा झाली.

“ऊठ, अमरावतीकडची गाडी आली. आश्रमवाले वाट पाहत असतीन.”

“पाहू द्या. मी उठत नाही.”

माणिकबाईनं आपलं गाठोडं उचलून मांडीवर घेतलं आणि झोपलेल्या पोरीचे पाय बाकावर पसरून दिले.